गावकीची भांडी आणि संगणकाची डीएलएल



लग्न असो, जत्रा असो की हरिनाम सप्ताह, गावजेवण म्हटलं की मोठी भांडी लागतात. पन्नास पायल्यांचा भात घरातल्या पातेल्यात शिजत नाही. मग काय प्रत्येक घराने आपापली काहिली, परात आणि झारे विकत घ्यायचे? वर्षातून एकदा वापरायचे आणि उरलेले दिवस माळ्यावर धूळ खात ठेवायचे? आपल्या हिरडस मावळात, वेळवंड खोऱ्यात, तिकडे वेल्ह्याच्या बाजूला, खरं म्हणजे महाराष्ट्रभर बऱ्याच गावांनी यावर एक सोपी युक्ती काढली. भांडी गावकीची! देवळाशेजारच्या खोलीत ती ठेवलेली असतात, त्यांच्यावर नाव कोरलेलं असतं. ज्याच्याकडे कार्य असेल त्याने न्यावीत, वापरावीत, घासून परत आणून ठेवावीत.

आज संगणकाच्या पोटातली गंमत सांगायची आहे आणि सुरुवात भांड्यांनी कशी झाली, असं वाटलं ना? थांबा. संगणकातही अशीच गावकीची भांडी असतात. त्यांचं नाव डीएलएल!

प्रत्येकाला लागतं, पण प्रत्येकाने का करायचं?

तुम्ही पेंटमध्ये डोंगराचं चित्र काढता आणि जपून ठेवता. ताई नोटपॅडमध्ये निबंध लिहिते आणि जपून ठेवते. बाबा हिशेबाचा तक्ता करतात, तोही जपून ठेवतात. तीन माणसं, तीन वेगळे प्रोग्रॅम. पण काही कामं तिघांनाही सारखीच लागतात. फाईल उघडणं, फाईलमध्ये लिहिणं, तिची नक्कल करणं, तिला दुसरीकडे हलवणं, तिला पुसून टाकणं.

ही कामं दिसायला सोपी आहेत, पण आतून किचकट. डिस्कवर मोकळी जागा कुठे आहे? या नावाची फाईल आधीच आहे का? ती दुसऱ्या कुणी उघडून ठेवली आहे का? मध्येच जागा संपली तर? हे सगळं प्रत्येक प्रोग्रॅम लिहिणाऱ्याने पहिल्यापासून लिहायचं ठरवलं, तर प्रत्येक घराने काहिली विकत घेण्यासारखंच झालं. म्हणून ही कामं एकदाच नीट लिहून वेगळ्या फाईलींमध्ये ठेवतात. ज्या प्रोग्रॅमला गरज असेल, तो तिथून ते काम करवून घेतो.

विंडोजमध्ये अशा फाईलींच्या नावाच्या शेवटी 'डीएलएल' ही तीन अक्षरं असतात. पूर्ण नाव डायनॅमिक लिंक लायब्ररी. म्हणजे प्रोग्रॅम चालू झाल्यावर गरजेप्रमाणे जोडून घ्यायचा साठा. लिनक्समध्ये अशाच फाईलींच्या नावात 'एसओ' ही अक्षरं येतात. त्यांचा अर्थ शेअर्ड ऑब्जेक्ट, म्हणजे सामाईक वस्तू. नाव वेगळं, कल्पना तीच.

यात आणखी एक फायदा असतो. पाच प्रोग्रॅम एकाच वेळी चालू असले, तरी अशा सामाईक फाईलीतल्या सूचना संगणकाच्या मेमरीत साधारण एकदाच ठेवल्या, तरी पाचांचंही भागतं. आज तुम्हाला याचं महत्त्व वाटणार नाही. पण १९९५ साली विंडोज ९५ आलं, तेव्हा ते चालवायला कमीत कमी ४ एमबी मेमरी लागायची. आजच्या मोबाईलवर काढलेला एक फोटोसुद्धा तेवढी जागा खातो! एवढ्याशा जागेत संसार करायचा, तर भांडी सामाईकच हवीत.

लायब्ररी हे नाव कुठून आलं?

लायब्ररी म्हणजे ग्रंथालय. मग संगणकात पुस्तकं कुठून आली? याची गोष्ट ऐका. १९४९ साली इंग्लंडमधल्या केंब्रिज विद्यापीठात एडसॅक नावाचा संगणक चालू झाला. खोलीभर पसरलेला! त्याला सूचना द्यायच्या त्या कागदाच्या लांब पट्टीवर भोकं पाडून. वर्गमूळ काढणं, आकडे छापणं अशी कामं वारंवार लागायची. मॉरिस विल्क्स, डेव्हिड व्हीलर आणि स्टॅन्ली गिल या मंडळींनी अशा कामांच्या तयार पट्ट्या करून कपाटात लावून ठेवल्या. ज्याला हवी त्याने कपाटातून पट्टी घ्यायची, आपल्या पट्टीत तिची नक्कल करायची आणि मूळची परत जागेवर ठेवायची. अगदी पुस्तकासारखी. १९५१ सालापर्यंत अशी ८७ कामं तिथे तयार होती. लायब्ररी हे नाव तेव्हापासून चिकटलं, ते आजतागायत.

कोण काय काम करतं?

चला, आता भांड्यांच्या खोलीत डोकावू. विंडोजमध्ये ही खोली म्हणजे 'सिस्टिम३२' नावाचा फोल्डर. त्यातल्या तिघांची ओळख करून घेऊ.

पहिला आहे कर्नल३२. फाईल उघडणं, वाचणं, लिहिणं, नक्कल करणं, पुसणं अशी कामं प्रोग्रॅम याच्याकडे मागतात. हा विंडोजच्या गाभ्याला निरोप पोचवतो आणि काम होतं.

दुसरा आहे शेल३२. डेस्कटॉपवरची चित्रं, कचऱ्याची टोपली आणि फाईली हलवतानाची खिडकी याच्या कक्षेत येतात. तुमच्या आईबाबांना आठवत असेल, जुन्या विंडोजमध्ये फाईल कॉपी होताना एका फोल्डरातून दुसऱ्या फोल्डरात कागद उडत जायचे. ते उडते कागद याच शेल३२च्या पोटात ठेवलेले होते!

तिसरा आहे कॉमडीएलजी३२. नाव अवघड, पण याला तुम्ही रोज भेटता. पेंट उघडून 'ओपन' म्हणा, मग नोटपॅड उघडून 'ओपन' म्हणा. दोन्हीकडे जवळजवळ सारखीच खिडकी दिसते की नाही? कारण ती खिडकी पेंटचीही नाही आणि नोटपॅडचीही नाही. दोघांनी सामाईक ठिकाणाहून मागून आणली आहे. १९९२ साली विंडोज ३.१ आलं, तेव्हा ही सोय आली. त्याआधी ज्याची त्याची खिडकी वेगळी असायची आणि माणसाला प्रत्येक वेळी नव्याने शिकावं लागायचं.

टोपलीत पडलेली फाईल आणि न पडलेली फाईल

आता एक कोडं. माउसने एखादी फाईल डिलीट केली की ती रिसायकल बिनमध्ये, म्हणजे टोपलीत जाते आणि परत काढता येते. पण काळ्या पडद्यावर, म्हणजे कमांड प्रॉम्प्टवर, 'डेल' ही आज्ञा देऊन तीच फाईल पुसली तर टोपलीत सापडत नाही. असं का?

कारण हाक वेगवेगळ्या माणसाला मारली. माउसने पुसता तेव्हा शेल३२ मध्ये येतो. तो सावध माणूस आहे. 'आत्ता टोपलीत ठेवतो, नको असेल तर नंतर टाकू' असं म्हणणारा. 'डेल' ही आज्ञा मात्र थेट कर्नल३२कडे जाते. तो सांगितल्या कामाचा ओबडधोबड गडी. पुस म्हटलं की पुसलं! त्याला टोपली ठाऊकच नाही. पेन ड्राइव्हवरची फाईल पुसली, तर तीसुद्धा सहसा टोपलीत जात नाही, हेही लक्षात ठेवा. प्रकल्पाची वही पेन ड्राइव्हवर ठेवणाऱ्यांनी तर नक्कीच!

दुसरी गंमत फाईल हलवण्याची. एखादा मोठा व्हिडिओ सी ड्राइव्हच्या एका फोल्डरातून त्याच ड्राइव्हच्या दुसऱ्या फोल्डरात हलवा. चुटकीसरशी होतं. तोच व्हिडिओ पेन ड्राइव्हवर हलवा. मिनिटं लागतात. पहिल्या वेळी फाईल जागची हललेलीच नसते. फक्त 'ही आता अमुक फोल्डरात आहे' अशी नोंद बदलते. घर तेच, रेशनकार्डावरचा पत्ता बदलला! दुसऱ्या वेळी मात्र सगळा मजकूर एकेक करून नव्या जागी लिहावा लागतो आणि तो पूर्ण लिहून झाल्यावरच जुनी फाईल पुसली जाते. आधी पुसून मग लिहिली असती, तर मध्येच वीज गेल्यावर दोन्हीकडे हात रिकामे राहिले असते. हा शहाणपणा त्या सामाईक फाईलीत एकदा लिहिला म्हणून तिला हाक मारणाऱ्या प्रत्येक प्रोग्रॅमला मिळाला.

रायरेश्वरचं काय झालं?

विंडोज ९५च्या आधी, डॉसच्या काळात, फाईलच्या नावाला आठच इंग्रजी अक्षरं मिळायची. पुढे टिंब आणि आणखी तीन अक्षरं. आपलं भाटघर इंग्रजीत लिहून पाहा. बी, एच, ए, टी, जी, एच, ए, आर. बरोबर आठ! भाटघर धरणावरची फाईल आरामात मावली. राजगड, तोरणा यांचाही प्रश्न नाही. पण रायरेश्वर? इंग्रजीत दहा अक्षरं. बसतच नाही.

१९९५ साली विंडोज ९५मध्ये लांब नावं आली. २५५ अक्षरांपर्यंत! पण जुने प्रोग्रॅम बिचारे आठच अक्षरांना सरावलेले. त्यांचं काय करायचं? मग युक्ती केली. एका फाईलला दोन नावं. नव्या पद्धतीने विचारणाऱ्याला पूर्ण 'रायरेश्वर' सांगायचं आणि जुन्या पद्धतीने विचारणाऱ्याला पहिली सहा अक्षरं, मग एक नागमोडी रेघ आणि १ हा आकडा. म्हणजे साधारण 'रायरेस~१' असं काहीतरी! जुने प्रोग्रॅम कुणी पुन्हा लिहिले नाहीत. सामाईक जागी एकदा सुधारणा झाली आणि सगळ्यांचं चालू राहिलं.

दऱ्यांमधला 'र'

आता आपल्या मराठीकडे येऊ. फाईलला 'दऱ्या' असं नाव द्या बरं. भोर-वेल्ह्यात राहून दऱ्या लिहिता आल्याच पाहिजेत!

या शब्दातला 'र' नीट पाहा. 'सूर्या'मध्ये र डोक्यावर चढून रफार होतो. पण 'दऱ्या'मध्ये तो 'या'च्या पुढे आडवा, कोयत्यासारखा बसतो. 'आचार्‍यांना' आणि 'आचार्यांना' हे दोन शब्द मोठ्याने वाचा. स्वयंपाक करणारे आचारी आणि शिकवणारे आचार्य, यांत फरक केवळ त्या 'र'चा! हा फरक हिंदीला लागत नाही, मराठीला लागतो.

संगणक नावातली अक्षरं आकड्यांच्या रूपात ठेवतो. युनिकोड नावाच्या जगभरच्या यादीत प्रत्येक अक्षराला आकडा दिलेला आहे. पण त्या आकड्यांवरून कोणतं जोडाक्षर काढायचं, रफार कुठे चढवायचा, वेलांटी कुणाच्या आधी काढायची, हे कोण ठरवतं? तीही एक सामाईक लायब्ररी! २००० साली आलेल्या विंडोज २०००मध्ये देवनागरीची सोय झाली, ती युएसपी१० नावाच्या डीएलएलच्या जोरावर. सोबत मंगल हा फाँटही आला. लिनक्समध्ये आणि अँड्रॉइड मोबाईलमध्ये हेच काम हार्फबझ नावाची लायब्ररी करते.

विचार करा. प्रत्येक प्रोग्रॅम लिहिणाऱ्याला आधी मराठी व्याकरण शिकावं लागलं असतं, तर? अमेरिकेत किंवा जपानमध्ये बसून प्रोग्रॅम लिहिणाऱ्याला आपला आडवा र कुठून ठाऊक असणार? पण लायब्ररीत तो एकदा नीट बसला आणि मग ती लायब्ररी वापरणाऱ्या सगळ्यांकडे 'दऱ्या' बरोबर दिसू लागल्या. सामाईक गोष्टीत एकाने घातलेली भर अशी हजारोंच्या ताटात पडते.

भांडं बिघडलं, तर पंगतच अडते

पण मित्रांनो, नाण्याला दुसरी बाजूही असते. घरातलं पातेलं फुटलं तर एका घराची अडचण. गावकीची काहिली फुटली तर सगळ्या पंगतीची!

१९९०च्या दशकात असं फार व्हायचं. एखादा नवा प्रोग्रॅम संगणकावर टाकला की तो आपल्यासोबत स्वतःला हवी तशी डीएलएल आणायचा आणि खोलीतली आधीची काढून तिथे आपली ठेवायचा. ती कधी कधी जुनी असायची. मग तो नवा पाहुणा खूष, पण कालपर्यंत चालणारे प्रोग्रॅम बंद. लोक वैतागून याला 'डीएलएल हेल' म्हणत, म्हणजे डीएलएलचा नरक!

पुढे खोलीवर राखणदार नेमले. विंडोज २०००मध्ये अशी सोय आली की महत्त्वाची फाईल कुणी बदलली, तर विंडोज तिची चांगली प्रत परत आणून ठेवतं. २००१च्या विंडोज एक्सपीपासून एकाच डीएलएलच्या दोन वेगळ्या आवृत्त्या शेजारी शेजारी ठेवायची सोयही झाली. विंडोज व्हिस्टापासून तर संगणकाच्या मालकालासुद्धा या फाईली सहजासहजी पुसता येत नाहीत.

अर्ध्या सेकंदाची गोष्ट

एक खरी घडलेली, अगदी अलीकडची गोष्ट सांगते. लिनक्समध्ये फाईली दाबून लहान करणारी 'एक्सझेड' नावाची सामाईक लायब्ररी आहे. जगातले असंख्य संगणक ती वापरतात. पण तिची देखभाल बरीच वर्षं फिनलंडमधला लासे कॉलिन हा एकच माणूस करत होता. तोही पगाराशिवाय, आपल्या सवडीने. तो थकलेला होता. मग 'जिया टॅन' असं नाव सांगणारा कुणीतरी मदतीला आला. दोन वर्षांहून अधिक काळ त्याने चांगलं काम केलं, विश्वास मिळवला आणि हळूहळू किल्ल्या त्याच्या हाती आल्या. २०२४च्या फेब्रुवारी-मार्चमध्ये त्याने या लायब्ररीच्या ५.६.० आणि ५.६.१ या आवृत्त्यांत एक चोरदरवाजा लपवला. त्यातून दुसऱ्यांच्या संगणकात गुपचूप शिरता आलं असतं.

ते पकडलं कुणी? आंद्रेस फ्रॉइंड नावाच्या एका इंजिनिअरने. आपल्या संगणकात दुरून शिरायला नेहमीपेक्षा साधारण अर्धा सेकंद जास्त लागतोय, हे त्याला जाणवलं. दुसऱ्या कुणी 'जाऊ दे' म्हटलं असतं. तो मात्र खोदत गेला, खोदत गेला आणि २९ मार्च २०२४ रोजी त्याने सगळ्या जगाला सावध केलं. तोपर्यंत या आवृत्त्या बहुतेक ठिकाणी पोचल्या नव्हत्या, म्हणून मोठा अनर्थ टळला.

यातून काय कळतं? गावकीची भांडी सगळेच वापरतात. पण ती घासतं कोण? कल्हई लावतं कोण? एकाच माणसावर सगळा भार टाकून बाकीचे जेवून उठले, तर कधीतरी चुकीच्या हातात किल्ली जाते.

'डीएलएल सापडत नाही' म्हटलं, तर?

मध्यंतरी आमच्या शाळेतल्या संगणकावर गणिताचा एक खेळ सुरू करताना संदेश आला. अमुक डीएलएल हरवली आहे! सातवीतल्या एका मुलाने लगेच शोधून दाखवलं, "बाई, हे बघा, इथे ती फाईल फुकट मिळतेय. घेऊ का उतरवून?" मी त्याला उलटा प्रश्न विचारला. "गावच्या भांड्यांतलं एक पातेलं हरवलं आणि वाटेवरच्या अनोळखी माणसाने फुकट पातेलं दिलं, तर त्यात शंभर माणसांचं जेवण रांधशील का?" तो म्हणाला, "आधी आत काय लागलंय ते बघीन." "आणि दिसलंच नाही तर?" तो हसला आणि त्याने ते पान बंद केलं.

डीएलएलच्या आत काय आहे, हे नुसतं बघून कळत नाही. आणि तिला हाक मारणारा प्रोग्रॅम तुमच्या वतीने तुमच्या फाईली उघडत असतो. म्हणजे खोटी डीएलएलही त्या उघडू शकते, पाठवू शकते, पुसू शकते. म्हणून क्रम लक्षात ठेवा.

१. संदेशातलं नाव वहीत जसंच्या तसं लिहून घ्या.
२. तो प्रोग्रॅम काढून, तो जिथून मूळ आला तिथूनच पुन्हा टाका. खेळासाठी मी हेच केलं आणि तो चालू झाला.
३. नावात 'व्हीसीरनटाइम' किंवा 'एमएसव्हीसीपी' असं काही असेल, तर तो संच मायक्रोसॉफ्टच्या स्वतःच्या संकेतस्थळावर फुकट मिळतो. तो तिथूनच घ्यायचा.
४. विंडोजचीच फाईल बिघडली असेल, तर मोठ्या माणसाच्या मदतीने 'एसएफसी स्कॅननाऊ' ही तपासणी चालवता येते. ती बिघडलेल्या फाईलींच्या जागी चांगल्या प्रती ठेवते.
५. सुटी डीएलएल अनोळखी ठिकाणाहून कधीही घ्यायची नाही. आणि 'जागा करायची' म्हणून सिस्टिम३२मधलं काही पुसायचं नाही.

पालकहो, मुलगा किंवा मुलगी असा संदेश घेऊन आली तर रागावू नका. "तू काय केलंस?" असं विचारलं की मूल पुढच्या वेळी संदेश लपवतं आणि दिसेल ते बटण दाबून मोकळं होतं. "काय लिहिलंय, वाचून दाखव" असं म्हणा. निम्मं काम तिथेच होतं.

करून पाहा

एखादी छोटी फाईल तयार करा. तिला तुमच्या गावाचं नाव मराठीत द्या. ती नोटपॅडच्या 'ओपन' खिडकीत शोधा, मग पेंटच्या खिडकीतही शोधा. आता एका प्रश्नाचं उत्तर वहीत लिहा. पेंटच्या खिडकीत ती फाईल लगेच का दिसली नाही? 'ऑल फाईल्स' निवडल्यावर का दिसली? खिडकी एकच असली, तरी मागणारा वेगळा आहे, एवढी खूण पुरे!

आणि गावात पुढचं कार्य होईल, तेव्हा जेवून झाल्यावर भांडी घासायला थोडा हात लावा. कोरलेलं नाव वाचा. कुणीतरी कधीतरी ते भांडं गावाला दिलं होतं.

तुमची,
बाई